आमसुली रंगाचं सूत

एसटी सुटायच्या आधी आईने तिच्या लग्नातल्या साडीच्या पदरातून एक सूत ओढलं आणि माझ्या रुमालाच्या टोकाला बांधलं. "धाकटीच्या हळदीला हीच नेसणार मी. मिळतं ब्लाऊजपीस तू पाठवायचंस गो. नाव कशाला इचारतेस? सूत उनात धरायचं." आठवीतून शाळा सुटलेल्या पोरीला एवढी विद्या पुरेल, असं आम्हा दोघींना वाटलं.

नाही पुरली. शांती नगरच्या मॅचिंग सेंटरमध्ये शेठनी मला काउंटरवर उभं केलं, त्यांचे उपकार आहेत, रोज देवापुढे त्यांचं नाव घेते. पण त्यांची सून दुकानात बसायला लागली आणि रंगांची नावंच बदलली. फिकट जांभळ्याला मोव्ह. चिखलाला टोप, त्यात लिहिताना शेवटी ई, बोलताना ती गिळायची. पिवळट पोपटी झाला शार्त्रूझ, ते म्हणे फ्रान्समधल्या दारूचं नाव. भांडी घासताना मोबाईल ही नावं बोलायचा, मी मागून पुटपुटायचे. चुकलीस तर माळ्यावर अस्तर कापायला जायचं, असं सूनबाईंनी आधीच बजावलेलं.

एक बाई आली, मोबाईलवर रंगाचं इंग्रजी नाव दाखवलं. मी वाचलं, "पुके."

ती सूनबाईंकडे वळून हसली. "भाभी, कोई पढ़ी-लिखी नहीं है क्या?"

प्यूस म्हणायचं असतं ते. अर्थ नंतर बघितला: पिसू. पिसवेच्या रंगाचं ब्लाऊज घालून मिरवणार ती, आणि हसणार मला. हसा, गावाकडच्यांनो, तुम्हीपण. माझ्याबरोबर इथे आलेल्या आणि आता माझ्याशी हिंदीत बोलणाऱ्या मैत्रिणींनो, तुम्ही तर आधी.

माळ्याची शिडी चढताना शेठ म्हणाले, "बेन, काम तो चालू छे ने." आहे. काम आहे म्हणून चढले. पण माळ्यावर ट्यूबलाइट, तिच्यात आमसुली काळा दिसतो. आणि आईचा फोन आला, हळद तोंडावर आलीये, कपडा मिळाला का?

सूनबाईंना विचारलं. म्हणाल्या, "शेड का नाम बोलो, निकलवा देती हूँ." नाव मला येत होतं. त्यांना चालणारं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी जेवायच्या सुट्टीत डबा उघडला नाही. आमसुलीच्या आसपासचे दिसले ते तागे उचलले, फुटपाथवर उन्हात आले, रुमालाची गाठ सोडली. एकेकावर सूत ठेवत गेले. एका ताग्यावर ते दिसेनासंच झालं.

"कौन सा शेड है ये?" आतून सूनबाईंचा आवाज.

"मेरी आई का," म्हटलं, पैसे गल्ल्यावर ठेवले आणि पीस फाडून घेतलं.

घर म्हणजे आता माझ्यासाठी तेवढीच माणसं, जी नाव न विचारता सूत बघतात. त्या रंगाला इंग्रजीत काय म्हणतात ते मोबाईल सांगेल. मी विचारणार नाही.