दर्शनाचा पास

निवृत्त झाल्यापासून कुणीही भेटलं की विचारतं, "साहेब, एखादी खतरनाक केस सांगा ना." खतरनाक म्हणजे त्यांना खून, दरोडा, पाठलाग हवा असतो. तसलं मी पुष्कळ पाहिलं आणि खरं सांगायचं तर बरंचसं विसरूनही गेलो. विसरता आलेली नाही ती एका अक्काची केस. तिच्यात ना रक्त होतं ना हत्यार. एका दिवसाची सहल होती: जुनं शिवमंदिर, घाट, समुद्र, आणि मध्ये एक थांबा.

कुटुंब ओळखू येऊ नये म्हणून गावाचं आणि तालुक्याचं नाव लिहीत नाही. नाशिक जिल्ह्याच्या पश्चिमेकडच्या एका ग्रामीण ठाण्याचा मी प्रभारी अधिकारी होतो, एवढं पुरे.

शुक्रवारची सकाळ. हजेरी आटोपून मी स्टेशन डायरी चाळत बसलो होतो. बाहेर ठाणे अंमलदार कुणावर तरी खेकसत होता, "अरे बाबा, ही दिवाणी बाब आहे. वकील गाठ." आमच्या खात्यात 'दिवाणी बाब' म्हटलं की माणूस दारातूनच परत फिरतो. मीही कितीकांना असं परत पाठवलंय, खोटं कशाला बोलू? पण हा गडी काही हलेना. शेवटी वैतागून आत बोलावला.

पस्तिशीचा, टापटीप माणूस. नाशिकचा राहणारा, स्वतःची गाडी, चालक तोच आणि गाइडही तोच. लोकांना एका दिवसाच्या खासगी सहली घडवायचा. सकाळी एखादं हेमाडपंती देऊळ दाखवायचं, त्याच्या खांबांवरची शिल्पं समजावून सांगायची, मग घाट उतरून पालघरकडचा समुद्र, तिथल्या देवीचं दर्शन, संध्याकाळी घरी. बसायच्या आधीच तो म्हणाला, "साहेब, मी एक खोटी सही केलीय."

स्वतःहून असं सांगत येणारा माणूस लाखात एक. मी त्याच्यासाठी चहा सांगितला.

मंगळवारी त्याच्या गाडीत दोघंच होते. एक साठीला टेकलेला शेतकरी आणि त्याची थोरली बहीण. शेतकरी तिला अक्का म्हणायचा. सहल त्यानंच ठरवलेली. अक्का आयुष्यात पहिल्यांदा समुद्र बघणार म्हणून नवी साडी नेसून आलेली, हातात बेल-फुलांची पुडी. देवळाआधी तालुक्याच्या गावी भावानं गाडी दुय्यम निबंधक कार्यालयाशी थांबवायला सांगितली. घरचं जमिनीचं पाच मिनिटांचं काम आहे, ओळखदार म्हणून सही कर, म्हणाला. ओळखदार म्हणजे दस्त करून देणाऱ्याला मी ओळखतो असं सांगणारा. गाइड तिला तीन तास ओळखत होता. गिऱ्हाईक नाराज नको म्हणून त्यानं सही ठोकली.

"मला वाटलं, मावशींना सगळं ठाऊक आहे," तो म्हणाला. "पण काल त्यांचा फोन आला. मी सगळ्यांना माझा नंबर देऊन ठेवतो. म्हणाल्या, दादा, त्या दिवशी दर्शनाचा पास काढला, अंगठा दिला, फोटो दिला, पण देवळात तर कुणी मागितलाच नाय. तो पास अजून चालतो का? लेकीला घेऊन जाईन म्हणते, वाया कशाला घालवायचा?"

मी पेन खाली ठेवलं.

अलीकडे मोठ्या देवस्थानांत पासासाठी फोटो घेतात, अंगठा घेतात. ते या बाईनं कुणाकडून तरी ऐकलं होतं. भावानं तेवढ्याचाच फायदा उचलला आणि पास काढायचाय म्हणून तिला कचेरीत नेऊन बसवलं.

"साहेब, आणखी एक," गाइड म्हणाला. "कचेरीच्या पायरीशी मावशींनी चपला काढल्या होत्या. मी म्हटलं, राहू द्या, तर म्हणाल्या, देवाचं काम हाय." त्यानं चहाचा कप बाजूला सारला. "आणि भाऊ गाडीत फोनवर कुणाला तरी सांगत होता, सोमवारी खरेदीखत उरकून टाकू."

म्हणजे हातात दोन दिवस. एकदा जमीन तिसऱ्याच्या नावावर गेली की बाईचा जन्म कोर्टाच्या पायऱ्या झिजवण्यात गेला असता. मी अंमलदाराला आत बोलावून म्हटलं, "दिवाणी बाब म्हणे! गाडी काढ."

साध्या कपड्यांत, एक महिला शिपाई घेऊन अक्काकडे गेलो. गावाबाहेर टोमॅटोचा प्लॉट, त्याच्या कडेला दोन खोल्या. नवऱ्यानं टाकलेली लेक आणि अक्का, दोघी तिथंच राहायच्या. वडिलांच्या जमिनीतला अर्धा हिस्सा सातबाऱ्यावर अक्काच्या नावे होता. त्या हिश्श्यावरच हे घर आणि हा प्लॉट. भावाला सगळी जमीन एका हॉटेलवाल्याला विकायची होती आणि हॉटेलवाल्याला ती सलग हवी होती.

पोलीस म्हटल्यावर माणसं घाबरतात. अक्का मात्र सहलीच्या आनंदातच होती. आम्हाला बसवलं, पाणी दिलं आणि समुद्राचंच सांगत सुटली. "लय मोठा हो साहेब! त्याला पल्याडचा काठच नाय. पायाखालची वाळू सरकाया लागली तशी मी घाबरले, तर भावानं माझा हात घट्ट धरला. सोडलाच नाय, पार बाहेर येईस्तोवर." लेकीनं चाखून बघावं म्हणून समुद्राचं पाणी बाटलीत भरून आणलं होतं. ती बाटलीही तिनं मला दाखवली.

"पास कुठाय अक्का?" मी विचारलं.

तिनं कापडी पिशवीतून घडी घातलेली चिठ्ठी काढली. हळदीकुंकू लावून ठेवलेली. दुय्यम निबंधक कार्यालयातल्या रांगेचं टोकन होतं ते.

गुन्हेगाराला बोलतं करणं सोपं असतं. त्या बाईला ती चिठ्ठी कशाची आहे हे सांगणं मला फार जड गेलं. हक्कसोडपत्र म्हणजे आपला हिस्सा भावाला सोडून दिल्याचा कागद, हे मी सोप्या भाषेत सांगितलं. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, "काहीतरी चुकलं असंल. तो असं नाय करायचा."

"अक्का, तक्रार द्यावी लागेल. सोमवारच्या आत."

"भावावर केस? साहेब, आईबाप गेले. तो हाय तवर माझं माहेर हाय."

लेक चुलीशी बसली होती. ती म्हणाली, "आई, मंगळवारपासून आपण कुठं ऱ्हायचं ते तरी सांग."

अक्कानं मला विचारलं, "समिंदरात हात धरला, ते तरी खरं असंल ना साहेब?"

इतकी वर्षं माझी खरंखोटं निवडण्यात गेली. "ते मला तपासता येत नाही, अक्का," एवढंच म्हणालो.

तिनं तक्रार दिली. पण आधी महिला शिपायाकडून सगळा जबाब तीनदा वाचून घेतला. शाईच्या पॅडवर अंगठा टेकवताना थांबून पुन्हा विचारलं, "हा कशाचा?" शिपाई पोरगी डोळे पुसत बाहेर गेली.

फसवणुकीचा गुन्हा नोंदवला. त्याच दुपारी निबंधक कार्यालयाला पत्र देऊन दस्ताची नक्कल मागवली, फोटोसकट. तिथल्या माणसांना दोष देता येत नव्हता. त्यांनी रीतसर विचारलं होतं, "बाई, राजीखुशीनं ना?" आणि ही म्हणाली होती, "राजीखुशीनंच, भावानं आणलंय मला." कागद असा चोख होता की कोणताही वकील भावाची केस हसत हसत घेईल.

शनिवारी भावाला ठाण्यात बोलावलं. गावात मान असलेला माणूस, सप्त्याला पुढं, पंचायतीत पुढं. तो कडक इस्त्रीतच आला. "साहेब, बहिणी हक्क सोडतातच. आपल्याकडं रीतच हाय. तिला सगळं वाचून दाखवलं, तिनं समजून अंगठा दिला."

असा माणूस दमदाटी करून बोलता होत नाही. उलट ताठतो, आणि बाहेर जाऊन पोलिसांनी मारलं म्हणून बोंब ठोकतो. मी कागदाचं नावच काढलं नाही. चहा दिला आणि सहलीची चौकशी केली. गडी खुलला. देऊळ कसं, दगडावर दगड कसा बसवलाय, समुद्रावर काय खाल्लं, सगळं सांगितलं.

"देवळात गर्दी होती का?"

"छे! मंगळवारी कसली गर्दी? थेट गाभाऱ्यात."

"म्हणजे पास वगैरे काही लागला नाही?"

"नाय बा, तिथं पासच नसतो."

ते मी जसंच्या तसं जबाबात उतरवून घेतलं. मग टोकनची चिठ्ठी टेबलावर ठेवली. "मग या पासाला तुमच्या बहिणीनं हळदीकुंकू का लावलंय?"

त्यानं चिठ्ठीकडे पाहिलं. "अडाणी बाई हाय. तिला काय कळतं?"

"आत्ताच म्हणालात, समजून अंगठा दिला."

तो चाचरला. "तिनं कचेरीबाहेर चपला का काढल्या?" मी विचारलं. तर म्हणे, खेड्यातली बाई, कुठंही काढते. हुशार होता. तेव्हा मी दस्तावरचा फोटो पुढं सरकवला. कचेरीच्या कॅमेऱ्यासमोर अक्का हसत बसली होती. दोन्ही हात जोडलेले आणि जोडलेल्या हातांत बेल-फुलांची पुडी.

मग मात्र माझा पारा चढला. "ही पुडी कुणाला वाहायची होती हो? निबंधक साहेबाला की तुम्हाला?"

तो फोटोकडे बघत राहिला. चहा तसाच गार झाला. शेवटी म्हणाला, "लहानपणी मला कडेवर घेऊन नदी ओलांडायची ती. शाळेत सोडायला." यापुढचं सगळं त्यानं न विचारता सांगितलं. हॉटेलवाल्याला आधीच शब्द दिला होता. अक्का सरळ मागून देणार नाही, लेकीसाठी अडून बसेल, म्हणून सहल काढली.

गुन्हा नोंदवल्याचं कळताच हॉटेलवाला मागे सरला. सोमवारी खरेदीखताच्या जागी त्याच कार्यालयात हक्कसोड रद्द करण्याचा दस्त झाला. पुढं अक्कानं कोर्टात तडजोड मान्य केली. गाइडला मी सरकारी साक्षीदार केलं आणि भरपूर झापलंही. पुन्हा कुणाला ओळखत नसताना ओळखदार झालास तर याद राख, म्हटलं.

या केसनंतर माझी एक सवय बदलली. अंगठा देणाऱ्याला 'राजीखुशीनं ना?' असं विचारणं मी सोडून दिलं. त्याला हो म्हणायला काहीच लागत नाही. मी विचारायचो, 'हा कागद कशाचा आहे, तुम्ही सांगा.' मग गप्प बसायचं आणि ऐकायचं. निम्म्या लोकांना सांगता येत नाही. शिकलेल्यांनाही. मी माझ्या हाताखालच्या प्रत्येकाला हे शिकवलं. आज माझ्या बँकेतही मी तिथल्या पोरींना तेच सांगतो, त्या मला वैतागतात.

त्या सोमवारी मी स्वतः कार्यालयात हजर होतो. अक्का आली, लेक बरोबर. पायरीशी क्षणभर थांबली आणि चपला घालूनच आत गेली. दस्त दोनदा वाचून घेतला. मागं रांग चुळबुळत होती, तिनं लक्ष दिलं नाही. मग कॅमेऱ्यासमोर बसली. कारकून सहज म्हणाला, "आजी, जरा हसा की."

"मागल्या खेपेला हसले व्हते," ती म्हणाली.

जमीन परत मिळाल्याचा तो फोटो, पण तिच्या चेहऱ्यावर काही नव्हतं.

बाहेर आलो. भाऊ झाडाखाली गाडी लावून उभा होता. आम्हा कुणाकडे बघायची त्याची हिंमत होत नव्हती. दार उघडून धरत कसंबसं म्हणाला, "अक्का, चल. सोडतो."

अक्का गाडीपाशी गेली. लेकीनं तिचा पदर धरला, तिनं तो सोडवून घेतला. पण बसली नाही.

"कुठं नेतोस ते आधी सांग," ती म्हणाली.

त्यानं मान खाली घातली. मग म्हणाला, "घरी. तुझ्या घरी."

अक्कानं मागं वळून मला हाक मारली. "साहेब, ऐकलं ना? घरी म्हनला." मी मान डोलावली. तेव्हा कुठं ती गाडीत बसली.