जनाबाईंचा डोंगर

सुदाम ओव्हाळ आणि मी अंबरनाथच्या एका कारखान्यात ड्रॉइंग सेक्शनला एकत्र होतो. त्र्याण्णव साली तिथे रंगीत कॉम्प्युटर आला आणि हा गडी जेवणाची सुट्टीही त्याच्यासमोर काढू लागला. दिवसभर मशीनचे पार्ट काढून सुट्टीत पुन्हा तेच? मी वैतागायचो. पण तो डोंगर काढत होता.

त्याचं घर बदलापूरला, शिरगावात. खिडकीतून समोर डोंगर आणि खिडकीच्या जाळीचे मोजून साठ चौकोन. त्याची आई जनाबाई सकाळी खिडकीशी बसायची आणि सुदाम कागद घेऊन विचारायचा. नियम एकच, मान हलवायची नाही, नजर शिखरावर.

"आये, डावीकडनं पहिला?"

"सारवल्या भुईवानी."

"त्याच्या खालचा?"

"वल्या चिंचंवानी."

दुपारी तो त्या चौकोनांत कॉम्प्युटरचे सोळा रंग भरायचा. डोंगर कुणीही काढेल, म्हणायचा, मला आयेला दिसतो तो पाहिजे.

दर दोन महिन्यांनी एक चित्र. हळूहळू कडेच्या चौकोनांना जनाबाई "धुकं" म्हणू लागली. सुदामने ते राखाडी केले. भर मे महिन्यात धुकं, तरी आम्हा शहाण्यांपैकी एकालाही शंका आली नाही. अंबरनाथला त्या चित्रांचं प्रदर्शन लावलं तेव्हा मुंबईचे एक दाढीवाले चित्रकार म्हणाले, "कडांचं धुकं काय पकडलंय!" मीही मान डोलावली. त्याची मला आजही लाज वाटते.

म्हातारी उंबऱ्याला ठेचकाळायची, दाराला खांदा आपटायची. शेजारणी म्हणाल्या, मोतीबिंदू असेल, पिकू दे, मग काढा. सुदामनेही तेच धरून ठेवलं. शिवाय आई रंग तर सांगत होती.

पंच्याण्णवच्या दिवाळीत ती नळाशी पडली, तेव्हा आम्ही तिला उल्हासनगरला डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं. काचबिंदू निघाला, कडेकडून आत नजर खात येणारा. गेलेली नजर परत येत नाही, म्हणाले. सुदामने पिशवीतून चित्रांचे प्रिंट काढून टेबलावर ओळीने मांडले. राखाडी रंग दोन्ही बाजूंनी आत सरकत आला होता. शेवटच्या चित्रात शिखराचे चार चौकोन उरले होते.

डॉक्टरांनी ओळीतल्या तिसऱ्या प्रिंटवर बोट ठेवलं. "हे तिसरं चित्र घेऊन आला असतात, तर पुढचं थांबवता आलं असतं."

सुदामने प्रिंट गोळा करून पिशवीत भरले. त्यानंतर कॉम्प्युटरवर त्याने फक्त पार्ट काढले. माणूस आतून संपला होता आणि मला त्याच्यासाठी काहीही करता येत नव्हतं.

पुढच्या हिवाळ्यात मी त्याच्या घरी गेलो. जनाबाई खिडकीशीच बसली होती.

"सुदाम, हल्ली इचारत न्हाईस?"

तो तिच्याजवळ जाऊन बसला. मग म्हणाला, "पहिला?"

"सारवल्या भुईवानी."

"खालचा?"

"वल्या चिंचंवानी."

सगळे पहिल्या चित्रातले रंग, एकही चुकला नाही. थंडीमुळे खिडकीची लाकडी दारं लावलेली होती.

"लिवतोस ना?" तिने विचारलं.

"लिहितोय, आये," रिकाम्या हातांनी बसलेला सुदाम म्हणाला आणि त्याने पुढचा चौकोन विचारला.