संवाद कोणाचे

मुंबईच्या विमानतळावर बाबा शेवटचं काय बोलले, तर, "बाटलीतलं पाणी आत नेऊ देत नाहीत. इथंच पिऊन टाक." मी प्यायले, रिकामी बाटली त्यांच्या हातात दिली आणि आत गेले. तेव्हा मी मालिकांचे संवाद लिहायची. माझ्या मालिकांतल्या बायका निरोपाला दोन-दोन पानं बोलायच्या, आणि माझ्या बापानं एवढ्यावर भागवलं. मला रागच आला होता.

तुम्ही मंडळी फोनवर विचारता, तिकडे लिहितेस ना? कुठलं! इथं परदेशात, ईस्ट टामाकी नावाच्या उपनगरातल्या एका गोदामात डिस्पॅच, म्हणजे माल रवाना करायचं काम, सांभाळत होते. मराठी संवाद इथं बोलणार कोण? लेकीला चार वाक्यं मराठीत सांगावीत, तर ती इथल्या इंग्रजीत "स्वीट अ‍ॅज, मम", म्हणजे 'मस्त गं आई', म्हणून मोकळी होते.

मग पापाकुराच्या लायब्ररीत जमणाऱ्या लेखकांच्या गटात ल्यूक भेटला. पॅरिसमध्ये आयुष्यभर सिनेमे लिहिलेला, मुलीच्या मागोमाग इथं आलेला म्हातारा. मी त्याला प्रश्न विचारून भंडावून सोडलं. तो म्हणे महिनोन्‌महिने दिग्दर्शकाबरोबर नुसता चालायचा, बोलायचा. कागदाला हात नाही. मग पटकथा तो लिहायचा आणि संवादांना पुष्कळदा वेगळा माणूस. हे ऐकून मला माहेरचं कोणी भेटल्यासारखं झालं. आपल्याकडेही टायटल्समध्ये कथा, पटकथा, संवाद अशी वेगवेगळी नावं येतात. गटातल्या बाकीच्यांना याचं नवल वाटलं, कारण ते सगळं एकटेच लिहितात. म्हणजे इथं आम्ही दोघं अर्धे-अर्धे लेखक.

गटातली पोरं एक छोटी फिल्म करणार होती. ल्यूकनं त्यासाठी बाप-लेकीच्या निरोपाचा प्रसंग लिहिला. "संवाद तुझे, तुझ्या भाषेत," म्हणाला. या वेळी जमलं नाही तर लिहिणं कायमचं सुटलं, हे मला कळत होतं. जीव ओतून चार पानं लिहिली आणि इंग्रजीत अर्थ सांगत त्याला वाचून दाखवली.

त्यानं शांतपणे ऐकलं आणि विचारलं, "तुझे वडील खरंच काय म्हणाले होते?"

मी बाटलीचं सांगितलं. तो हसला, मग चष्मा काढून डोळे पुसत बसला. "मुलगी इकडे यायला निघाली तेव्हा मी तिला म्हणालो होतो, गाडीच्या पार्किंगची वेळ संपत आली."

चार पानं मी पर्समध्ये टाकली. फिल्ममध्ये बाप एकच वाक्य बोलतो.

फिल्म झाल्यावर बाबांना लिंक पाठवली. टायटल्स संपेपर्यंत न उठणारा माणूस तो. लगेच व्हिडिओ कॉल आला. "वाक्य माझं आणि संवाद म्हणून नाव तुझं? छान आहे."

मग मी इतकी वर्षं मनात असलेलं विचारून टाकलं. "बाबा, तेव्हा तुम्हाला खरं काय म्हणायचं होतं?"

"तेच. सकाळपासून पाणी प्यायली नव्हतीस तू."

तुमचं घर कुठलं, असं इथं कोणी विचारलं की मी आजही गावाचं नाव सांगते. पण मनात येतो तो हातात रिकामी बाटली घेऊन काचेपलीकडे उभा असलेला माणूस.

पोरांना सांगून टायटल्स बदलून घेतली आहेत. पटकथा ल्यूकची, संवाद बाबांचे.