तुळशीरामकाकांचा हिरवा ठिपका

आमच्या तुळशीरामकाकांकडे बंदूक होती, आणि राहनाळ गावात ही गोष्ट ठाऊक नसलेला माणूस एक तर त्याच दिवशी ट्रकमधून उतरलेला असायचा, नाही तर ठार बहिरा. मी त्यांची पुतणी, पूर्वा. भिवंडीच्या एका शाळेत विज्ञान शिकवते. मला सगळं कळतं असा माझा समज दोन हजार आठ सालच्या उन्हाळ्यापर्यंत अगदी पक्का होता. तो कसा मोडला तेही सांगते, कारण त्याशिवाय काकांची गोष्ट पुरी होत नाही.

बंदूक दुनळी, आजोबांच्या वेळची. रानडुकरांसाठी म्हणून आजोबांनी परवाना काढला होता. पुढे डुकरं गेली, शेतं गेली, शेतांवर गोदामं आली, आणि परवाना रीतसर काकांच्या नावावर झाला. आमच्याच भाताच्या खाचरावर सुताच्या गाठींचं मोठं गोदाम उभं राहिलं आणि त्याच गोदामावर काका गनमन म्हणून लागले. लहानपणी ज्या जागेवर पाखरं हाकलली, तिथेच खुर्ची टाकून ते चोर हाकलायला बसले. पाखरांपेक्षा चोर बरे, असं काका म्हणायचे, कारण ते कधी आलेच नाहीत. इतक्या वर्षांच्या ड्युटीत काकांनी एकदाही गोळी झाडली नाही.

मग लोकांना सांगायचं काय? तर ठिपका. अठ्ठ्याण्णव साली नळीच्या टोकावरचा नेम धरायचा जुना मणी तुटला, तेव्हा मुंबईच्या दुकानदाराने त्या जागी नवीन मणी बसवून दिला. त्याच्या मागच्या बाजूला बारीक हिरवा ठिपका होता आणि तो अंधारात आपोआप चमकायचा. बास! काकांना दुसरा विषयच उरला नाही. चहा प्यायला आलेल्या ड्रायव्हरला हाताला धरून ते गाठींच्या मागच्या काळोखात न्यायचे.

"बघ. सेल न्हाय, बॅटरी न्हाय, ऊन दावायला नको. पान्यात बुडव, धुलीत लोलव, ह्याचा उजेड कोन अडवू शकत न्हाय!"

ड्रायव्हर म्हणायचा, "रेडियम होगा, चाचा." ट्रकच्या मागे चिकटवतात त्या पट्ट्यांना इकडे सगळे रेडियमच म्हणतात. मग काका मला बोलावणं पाठवायचे आणि मी, शाळा सुटल्यावरसुद्धा, तास घ्यायचे. ट्रकची पट्टी दुसऱ्याचा उजेड परत फेकते, स्वतःचं तिच्याकडे काही नसतं. या ठिपक्यात मात्र तांदळाच्या कणीएवढी बंद काचेची नळी आहे आणि तिच्यात ट्रिटियम नावाचा वायू भरलेला आहे. हा हायड्रोजनचाच जड भाऊ, पण स्वभावाने अस्थिर. त्याचे अणू एकेक करून बदलत राहतात आणि बदलताना एक इलेक्ट्रॉन बाहेर फेकतात. नळीला आतून एक भुकटी लावलेली असते. इलेक्ट्रॉन तिच्यावर आदळला की ती चमकते, जुन्या टीव्हीचा पडदा चमकतो तशीच. ते इलेक्ट्रॉन इतके दुबळे की काचेच्या बाहेरही पडू शकत नाहीत, त्यामुळे भिण्याचं कारण नाही. आणि एवढं सगळं होऊन त्या उजेडात चोर दिसत नाहीच. आपल्या बंदुकीचं टोक कुठे आहे, तेवढं दिसतं.

"तेवडाच पायजे," काका म्हणायचे. "चोर त्याचा त्यो दिसंल. पयला आपुन कुठं हाव ता कलाला पायजे."

तर त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये मी पेपर तपासत बसले असताना काका माझ्याकडे आले. इकडचं तिकडचं बोलले, चहा अर्धा प्यायले आणि हळूच म्हणाले, "पोरी, तो गॅस मरतो का गो?"

मी मान वरही केली नाही. उत्तरपत्रिकेच्या मागेच आकडे मांडले. "बारा वर्षं आणि वर तीनचार महिने झाले की निम्मा होतो. तुमच्याला दहा वर्षं झाली. म्हणजे निम्म्याहून जास्त शिल्लक आहे. थोडा मंद असेल, पण दिसायलाच पाहिजे."

"आनि न्हाय दिसला तं?"

"तर डोळे तपासून घ्या."

मी हे इतकं सहज बोलले की मला आजही माझा राग येतो. काका उरलेला चहा तसाच ठेवून उठून गेले. आजोबांची शेवटची सहा वर्षं ओट्यावर बसून पावलांचा आवाज आला की "कोन?" असं विचारण्यात गेली होती, आणि त्यांना हाताला धरून फिरवणारे काकाच होते. हे मला माहीत होतं. पण पेपर तपासताना मला माणसं दिसत नाहीत, मार्क दिसतात.

त्याच आठवड्यात गोदामाच्या शेठने फर्मान काढलं, की महिनाअखेरपर्यंत प्रत्येक गनमनने डोळ्यांचं सर्टिफिकेट आणायचं. नापास होणाऱ्याच्या हातात काठी आणि शिट्टी. काका पुन्हा माझ्याकडे आले, या वेळी कोरा कागद घेऊन.

"अर्ज लिव. माजी नजर कमी झाल्यानं बंदूक ठाण्यात जमा करतंय, असा लिव. शिट्टी वाजवताना मना कोनी बघाला नको."

"आधी तपासून तर घ्या."

"डाक्तर बोलला का मंग ता खरा व्हतं, पोरी. आनि काकीला काय सांगू नको."

मी अर्ज लिहिला, पण तपासणी झाल्याशिवाय द्यायचा नाही असं त्यांच्याकडून कबूल करून घेतलं. काका घाबरलेले मी पहिल्यांदाच पाहत होते आणि मला ते मुळीच आवडलं नाही.

मग काकांनी सराव सुरू केला. पडवीच्या भिंतीवर दिनदर्शिका टांगलेली होती. हे दहा पावलांवर एक डोळा झाकून उभे राहायचे आणि तारखा वाचायचे. बायजाकाकी दिनदर्शिकेखाली भाजी निवडत बसायची आणि बरोबर की चूक ते सांगायची. तिला एवढंच ठाऊक होतं की शेठची परीक्षा आहे. काकी तशी कडक बाई. चाळीस वर्षांच्या संसारात तिने काकांना कशालाही एका दमात हो म्हटलेलं मी ऐकलेलं नाही. पण इथे मात्र, "सात, आठ, नव," "बरोबर!" "अकरा, बारा," "बरोबर!" मधला दहा काकांनी घाईत गिळला होता, पण काकीने तोही पास केला. बायकोची माया असावी तर अशी, असं मला वाटलं. दुसऱ्या दिवशी स्टाफरूममध्ये मी ते डोळ्यांत पाणी आणून सांगितलंसुद्धा.

शेवटी मीच काकांना ओढत भिवंडीच्या डोळ्यांच्या डॉक्टरांकडे नेलं. काकांनी तक्ता वरपासून खालपर्यंत वाचला, आणि मग भीतीने थांबताच येईना म्हणून तक्त्याच्या तळाला छापखान्याचं बारीक नाव होतं तेही वाचलं. डॉक्टर हसले. जवळचं वाचायला चष्मा लागेल, बाकी नजर पंचविशीतल्या पोराची आहे, म्हणाले.

काका खूश? छे! रिक्षात बसल्यावर म्हणाले, "डाक्तरच आंधला हाय. मंग ठिपका कुठं गेला?"

आता माझी पंचाईत झाली. डोळे चांगले, गणित बरोबर, आणि ठिपका गायब. अशा वेळी विज्ञानाच्या बाईने जे सगळ्यात आधी करायचं असतं, ते मी अजून केलंच नव्हतं. मी ती वस्तू हातात घेऊन पाहिलीच नव्हती.

भर दुपारी आम्ही घरी पोचलो. लोडशेडिंग चालू होतं, पण पत्र्याच्या फटींतून ऊन घरभर सांडलेलं. काळोख आणायचा कुठून? काकांनी बंदूक मधोमध उघडून दोन्ही नळ्या रिकाम्या असल्याचं दोनदा पाहिलं, मलाही दाखवलं, आणि आम्ही दोघं गोधडीखाली शिरलो. एप्रिलच्या उन्हात, दुपारच्या दोन वाजता! डोळे काळोखाला सरावेपर्यंत घामाच्या धारा लागल्या. ठिपका नाही. काकांना दिसला नाही आणि मलाही दिसला नाही.

मला दिसला नाही, हे ऐकून काका गोधडीतच ताठ बसले.

मी मणी खिडकीपाशी नेला. मागचं बारीक भोक काळ्या खपलीने पार बुजलेलं होतं. केसातली पिन काढून खरवडलं. काळ्याखाली लालसर निघालं, लालसरखाली पिवळं. वास घेतला. हळद!

"काका, हे काय?"

"खंडेनवमीचा," काका ओशाळून म्हणाले.

दर वर्षी खंडेनवमीला काकी बंदुकीची पूजा करायची. पहिली काही वर्षं हळदकुंकवाचं बोट दस्त्याच्या लाकडावर लागायचं. गेली तीन वर्षं ते नळीच्या टोकावर लागत होतं. बायकोने रीत बदलली असेल, असं समजून काका गप्प राहिले. दर रविवारी ते अख्खी बंदूक तेलाने पुसायचे, पण लावलेलं कुंकू आपल्या हाताने पुसायचं नाही म्हणून त्याला वळसा घालायचे. तेल आत झिरपायचं, कुंकू काळं पडून घट्ट बसायचं, आणि थरावर थर चढून यंदा भोक पार बुजलं. आणि या ठिपक्याचा उजेड कोणी अडवू शकत नाही, हे तर ते स्वतःच गावभर सांगत होते, मग संशय घेणार कशावर?

ओल्या कापसाने मी मणी स्वच्छ केला. परत गोधडीत शिरलो. थोडा वेळ काहीच नव्हतं, आणि मग ठिपका हळूहळू वर आला. हिरवा, मोहरीएवढा, पूर्वीपेक्षा जरासा मंद, माझ्या गणिताइतकाच.

"हाय!" काकांनी माझं मनगट इतकं घट्ट धरलं की बांगडी पिचली. "हाय गो पोरी, हाय!" ते रडत होते. मलाही रडू आलं, कारण तो हिशेब मी त्यांच्या तोंडावर फेकला होता आणि महिनाभर तो माणूस आंधळा व्हायच्या तयारीत जगला होता.

आवाज ऐकून काकी आली. "ह्या उन्हात गोधडीत काय करताव दोघं?"

"ये, आत ये!" काका ओरडले. "बंदुकीचा डोला लिंपलास तू. ये, बघ तुजा पराक्रम!"

काकी हसत आत शिरली. काकांनी मणी तिच्यासमोर धरला.

"अगो बाई," ती म्हणाली, "केवडा मोटा झाला ह्यो! नवा व्हता तवा राईएवडा व्हता. आता बघ, झेंडूच्या फुलासारका पसरलाय."

काकांनी गोधडी बाजूला केली, काकीला हाताला धरून पडवीत नेलं आणि दहा पावलांवर उभं केलं.

"भिंतीवर काय लिवलाय ता वाच."

काकी जराशी लाजली. "तुमी वाचा ना," ती म्हणाली. "मी बरोबर बोलतंय."

मग तिने सांगितलं, की तीन वर्षं हे असंच धुरकट आहे. बंदुकीला हात फिरवला की टोकाशी उंचवटा लागतो, तेच बंदुकीचं कपाळ समजून ती कुंकू लावत आली. तुमच्या बाबांचं असंच झालं होतं, तुम्ही घाबराल, म्हणून बोलले नाही.

दहा वर्षांत पहिल्यांदा काकांनी सुट्टी टाकली, काकीला त्याच डॉक्टरकडे नेण्यासाठी. मी लिहिलेला अर्ज त्यांनी चुलीत घातला. काकीला मोतीबिंदू होता. दोन्ही डोळ्यांची ऑपरेशनं पावसाळ्याआधी उरकली. दुसरी पट्टी निघाली तेव्हा मी तिथेच होते. काकीने खिडकी पाहिली, मला पाहिलं, आणि मग समोर बसलेल्या काकांकडे ती पाहतच राहिली.

"तुमी एवडे कवा पिकलात?"

काकांनी डोक्यावरून हात फिरवला. "बारा वर्सांत निम्मा व्हतो मानूस," ते म्हणाले. "पूर्वाला इचार."

काकीने हात पुढे करून त्यांच्या कपाळावरची बट बाजूला सारली, अगदी नेमकी.

"निम्मा हाय ना," ती म्हणाली. "मंग दिसतंय मना."