ढिगाऱ्यातले टाक

लातूरची जीप किल्लारीच्या पत्र्याच्या शेडांपुढं उभी होती आणि अण्णा म्हणाले, "देवाच्या पाया पड अन् नीघ. मागं बघू नको." भूकंपात घर गेलं, आई गेली. अण्णांनी ढिगाऱ्यातून हातानं उकरून काढलेले देवांचे टाक, चांदीच्या पत्र्यावर उठवलेल्या त्या बोटभर मूर्ती, तेवढ्या उरल्या होत्या. मी घाईत हात जोडले. क्लासची पहिली बॅच चुकेल याचीच धास्ती जास्त होती. मग बारावी, नांदेडचं कॉलेज, टोरोंटो. तिकडं राहिलेल्यांनो आणि माझ्यासारखं निघालेल्यांनो, मागं न बघणं मला फार छान जमलं.

इथं दक्षिण आशियाई कुटुंबांच्या आठवणी जपणारं एक अर्काइव्ह आहे. रविवारी मी तिथं लोकांचे जुने फोटो स्कॅन करते. आपलं काय द्यावं? टाकांशिवाय आमच्याकडं होतं काय! अण्णांना म्हटलं, चिंचेनं घासा आणि फोटो पाठवा.

फोटो स्क्रीनवर मोठा केला. गंधाच्या थराखाली काय आहे ते मी कधी पाहिलंच नव्हतं. आमचं कुलदैवत भवानी. एका टाकावर मात्र घोड्यावरचा खंडोबा होता, आणि दुसऱ्यावर कुणाच्या तरी पूर्वजांची जोडी. खंडोबा शेजारच्या माणिककाकांचा. भंडारा उधळायचा तो त्यांच्याच घरी.

आठवडाभर अण्णांचे फोन टाळले. ऐंशीकडं झुकलेल्या माणसाला कसं सांगायचं, की तुम्ही इतकी वर्षं दुसऱ्याचे देव पुजलेत? आणि न सांगता त्यांवर आमच्या घराण्याचं नाव घालायलाही हात धजेना. शेवटी व्हिडिओ कॉल लावला.

"अण्णा, ते टाक..."

"माणिकचे हायत," ते म्हणाले. "मला तवाच कळलं होतं. त्याच्या घरचं कुणीच राह्यलं न्हाई. मग त्यांच्या देवाला पाणी कोण घालंल?"

"आणि आपले?"

"लई हुडकले. कुणाला तरी घावले असतील. त्यो बी पाणी घालूनच राहिला असंल की."

कॉल संपल्यावर मी पोटभर रडले. मग टाकांच्या फोटोखाली माणिककाकांच्या घराचं नाव लिहिलं आणि सांभाळणारे म्हणून अण्णांचं.

तुझं घर कुठलं, असं इथं कुणी विचारलं की मी अजून किल्लारीच सांगते. तिकडं कुठल्याशा अनोळखी देव्हाऱ्यात आमच्या भवानीला रोज सकाळी कुणीतरी आंघोळ घालतं, यावर आता माझाही अण्णांइतकाच विश्वास आहे.