जपानी नट आणि आमचे मामा

लालबागच्या चाळीत ज्या मामांच्या खोलीत राहून मी बी.ए. झालो, ते सिनेमात छोटी कामं करायचे. वीस वर्षं त्यांच्या वाट्याला बहुतेक हवालदारच आला. चाळीतले लोक त्यांना कौतुकानं हवालदारमामा म्हणत. संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्च्यावर पोलिसांनी गोळ्या घातल्या, त्यात आमच्या चाळीतला एक तरुण गेला, आणि ती हाक बंद झाली. यापुढे खाकी अंगावर घालायची नाही, असं मामांनी ठरवलं.

मी तेव्हा एका फिल्म सोसायटीचा सभासद होतो. गिरगावात जपानी चित्रपट दाखवत. दोन रविवार मी मामांना नेलं आणि पडद्यावरचं इंग्रजी त्यांना हळूच मराठीत सांगत बसलो. दुसऱ्या रविवारी त्यांनी माझा हात धरला.

"हा म्हातारा मागच्या खेपेला सावकाराचा गुंड होता ना रे?"

"तोच, मामा. आज कुंभार झालाय."

"आणि लोक मानतात?"

"मानतात की."

दुसऱ्याच दिवशी मामा दादरच्या स्टुडिओत गेले. मास्तर, पोस्टमन, काहीही द्या म्हणाले. तिथला मॅनेजर म्हणाला, "मामा, तुम्ही समोर आलात की लोकांना पोलीसच दिसतो. आम्ही काय करणार?"

घरी येऊन त्यांनी हे मॅनेजरच्या आवाजात सांगितलं. नक्कल हुबेहूब होती, पण कोणी हसलं नाही. पुढच्या आठवड्यापासून ते गिरणीच्या दारात बदली कामगारांच्या रांगेत उभे राहू लागले.