ताईची पंधरा मिनिटं

माझ्या शेजारणीला तलावावरची मुलं शिट्टीबाई म्हणतात. ते नाव तिच्या कानावर गेलं तेव्हा ती म्हणाली, "याहून वाईटही ठेवलं असतं त्यांनी. चालेल." पोहण्याच्या तलावावर ती अकरा वर्षं नोकरीला आहे. पंचेचाळीस मिनिटांची एक बॅच पाण्यात सोडायची आणि वेळ झाली की शिट्टी मारून बाहेर काढायची, हे तिचं काम. सोडणं सोपं, काढणं महाकठीण. "मावशी, पाचच मिनिटं", "मावशी, शेवटची उडी", "मावशी, तुमच्या घड्याळाचा सेल गेलाय." ती ढिम्म हलत नाही. "पाण्यातल्याला वेळ कळत नाही," ती म्हणते, "काठावरच्यालाच कळतो."

तिचा नवरा जहाजावर आहे, वर्षातून दोनदा घरी येतो. एका खेपेला त्याने दोन्ही मुलींसाठी टीव्हीला जोडायचा गेमचा कन्सोल आणला. चार दिवसांत घरात महाभारत सुरू झालं, तेव्हा त्यानेच बसून कन्सोलवर दोघींची वेगवेगळी पानं, म्हणजे खाती, केली. घरात हाक मारायचे तीच नावं घातली, ताई आणि छोटी. ताईने चित्र म्हणून कोल्हा निवडला, छोटीने ससा. ताईला रोज दोन तास, छोटीला पाऊण तास. वेळ संपला की पडदा आपोआप काळा होणार. जास्त हवा असेल तर मुलीने एक बटण दाबायचं, मग आईच्या मोबाइलवर निरोप येणार आणि आई हो किंवा नाही म्हणणार. सगळा कारभार बायकोच्या मोबाइलवर टाकून तो म्हणाला, "शिट्टी तुझ्याच हातात शोभते." आणि गेला जहाजावर.

ताई चौदा वर्षांची असताना गेली. साध्या तापाचं निमित्त झालं. दुसऱ्या दिवशी ताप उतरल्यासारखा वाटला म्हणून शिट्टीबाई कामावर गेली. छोटीला शाळेला सुट्टी होती, ती ताईपाशी होती, आणि मी अधूनमधून डोकावणार होते. चारच्या सुमाराला तलावावर शिट्टीबाईचा मोबाइल वाजला. ताईने आणखी पंधरा मिनिटं मागितली आहेत. अंगात ताप आणि ही गेम खेळते आहे म्हणून तिने चिडून 'नाही' दाबलं. संध्याकाळी घरी आली तेव्हा ताई झोपली होती आणि अंग चुलीसारखं तापलं होतं. दवाखान्यात नेली. त्यानंतर मायलेकींचं बोलणं असं झालंच नाही.

हे तिने मला फार उशिरा सांगितलं. भाजी निवडता निवडता, मान वर न करता. "तिने माझ्याकडे शेवटचं काय मागितलं माहीत आहे? पंधरा मिनिटं. आणि मी नाही म्हटलं." मी तिला सांगितलं की कुठलीही आई तेच करेल. ती म्हणाली, "हो. सगळे तेच म्हणतात."

पुढे पाच महिन्यांनी दुपारच्या बॅचला तिच्या मोबाइलवर पुन्हा निरोप आला. ताईने आणखी पंधरा मिनिटं मागितली आहेत. शेजारी कोल्ह्याचं चित्र.

त्या दिवशी ती नोकरीला लागल्यापासून पहिल्यांदा बॅच आठ मिनिटं जास्त पाण्यात राहिली. मुलांनीच शेवटी हाका मारल्या, "मावशी, आज शिट्टी नाही का?" घरी छोटी आहे, ताईच्या पानावर गेली असणार, इतकं न कळण्याइतकी ती खुळी नव्हती. कळत होतं. कळत असताना तिने 'हो' दाबलं.

मग ते आठवड्यातून दोन-तीनदा येऊ लागलं, नेहमी सव्वाचारच्या आसपास. तिने एकदाही नाही म्हटलं नाही, छोटीला एका शब्दाने विचारलं नाही. नवऱ्याने फोनवर म्हटलं होतं, की ताईचं पान काढून टाकू या. हिने त्याला सांगितलं, की मला ते जमत नाही. बोटाचं काम होतं, न जमण्यासारखं त्यात काही नव्हतं, पण तोही पुढे बोलला नाही.

त्यांच्या बैठकीची आणि माझ्या स्वयंपाकघराची भिंत एकच आहे. ताई असताना त्या भिंतीतून शर्यतीच्या गाड्यांचा आवाज यायचा आणि जोडीला ताईची आरडाओरड. आता दुपारी तोच आवाज यायचा, पण नुसत्या इंजिनाचा. चढायचा नाही, उतरायचा नाही, वळणावर टायर किंचाळायचे नाहीत. दोन दोन तास एकच सूर. मी हातातलं काम थांबवून ऐकायचे आणि मग मुद्दाम मिक्सर लावायचे.

एकदा त्यांच्या नावाचं पार्सल माझ्याकडे आलं होतं, ते द्यायला मी गेले. दार नुसतं लोटलेलं होतं. आत कोणी नव्हतं. टीव्हीवर एक लाल गाडी रस्त्यावर उभी, इंजिन चालू, आजूबाजूने बाकीच्या गाड्या भरभर निघून जात होत्या. वरच्या कोपऱ्यात कोल्हा आणि खाली लिहिलेलं, ताई खेळत आहे. सोफ्यावर रिमोट, सोफा रिकामा. पार्सल मी दारातच खाली ठेवलं.

इतक्यात छोटी आतून आली. हातात गणिताची वही, अंगात ताईचं राखाडी जॅकेट, बाह्या दोनदा दुमडलेल्या. मला पाहून ती दचकली नाही. "काकू, आईला सांगू नका हं," एवढंच म्हणाली.

"काय नको सांगू? गेम लावून अभ्यास करतेस ते?"

"हो. तेच."

मी सांगितलं नाही. मला वाटलं आईला माहीत नाही, छोटीलाही वाटलं आईला माहीत नाही, आणि आईला वाटलं, छोटीला कळलेलं नाही की आपल्याला माहीत आहे. असं करत चार वर्षं गेली. छोटी आठाची बारा वर्षांची झाली. शहाणी मुलगी, असं सगळे म्हणायचे. हट्ट नाही, उलट बोलणं नाही, आपण होऊन ताट घासणार. मलाही कौतुक होतं. इतक्या शहाण्या मुलाची काळजी वाटायला हवी, हे मला तेव्हा सुचलं नाही.

गेल्या महिन्यात एका मंगळवारी दुपारी बारालाच शिट्टीबाई माझ्या दारात उभी राहिली. कामाच्या गणवेशातच, पायात तलावावरच्या ओल्या चपला. मोबाइल माझ्या ओट्यावर ठेवला. "वाच."

मी हात पुसून वाचलं. उद्या ताई अठरा वर्षांची होईल. अभिनंदन. उद्यापासून तिच्या खेळण्याच्या वेळेवर तुमचं नियंत्रण राहणार नाही आणि तिच्या विनंत्या तुमच्याकडे येणार नाहीत. खाली दोन बटणं होती. प्रौढ सदस्य म्हणून कुटुंबात ठेवा. कुटुंबातून मोकळं करा.

"अठरा," ती म्हणाली. "मी विसरलेच होते की ती तिकडे मोठी होते आहे."

तिला मी बसवलं, चहा केला. तो तिने घेतला नाही. "उद्यापासून मला कोणी विचारणार नाही गं," ती म्हणाली. "सव्वाचार वाजतील आणि काहीच येणार नाही."

मग मला राहवलं नाही. "विचारत कोण होतं, ते तुला ठाऊक आहे ना?"

"पहिल्या दिवसापासून," ती म्हणाली. "मला काय वेड लागलंय? पण निरोपात नाव ताईचं असायचं."

दीड वाजता शाळा सुटली आणि जिन्यात छोटीची पावलं वाजली. घराला कुलूप पाहून ती माझ्याकडे किल्ली घ्यायला आली. आई दिसली, ओट्यावर मोबाइल दिसला. तिने दप्तर खांद्यावरून काढलंच नाही.

"कळलं का तुला?" तिने आईला विचारलं.

"आधीपासून माहीत होतं."

"मग रागावली का नाहीस?"

"तू मागायचीस कशाला? तुला आवडतात त्या गाड्या?"

"मला येतच नाहीत," छोटी म्हणाली. "मी एकदासुद्धा शेवटच्या नंबराच्या वर आले नाही. नुसती चालू करून ठेवायचे. दोन तास संपल्याशिवाय ते मागायचं बटण येत नाही ना."

"मग?"

तिने माझ्याकडे पाहिलं, जसं काही मी मदत करणार होते. "ज्या दिवशी मी ताईच्या नावाने मागायचे, त्या दिवशी तू घरी आल्यावर माझ्याशी बोलायचीस. डब्यात काय उरलं, शाळेत काय झालं, असं. बाकीच्या दिवशी तू नुसती घरात असायचीस."

शिट्टीबाईने तोंडावर हात धरला. मी गॅसकडे वळले. बंद गॅस पुन्हा बंद केला.

"आणि तुझ्या स्वतःच्या नावाने का नाही मागितलंस?"

"मागितलं होतं पहिल्यांदा. तू काहीच दाबलं नाहीस. हो पण नाही, नाही पण नाही."

शिट्टीबाईने मोबाइल उचलला आणि बऱ्याच वर्षांत न उघडलेलं सशाचं पान उघडलं. मग मोठ्याने वाचू लागली, शाळेत धडा वाचावा तसं. "रोजचा वेळ, पाऊण तास. खेळ, आठ वर्षांपर्यंतचे. संध्याकाळी सातनंतर बंद." तिथे ती थांबली. ताई गेल्यापासून त्या पानाला कोणी हात लावला नव्हता. गेलेली मुलगी त्या यंत्रात वर्षाला एक वर्ष वाढत अठराची व्हायला आली होती, आणि जिवंत असलेली आठाचीच होती.

"अगं, तू सांगायचं नाहीस का?"

"मला वाटलं ते असंच ठेवायचं असतं," छोटी म्हणाली.

त्यानंतर शिट्टीबाई रडली. चार वर्षांत मी तिला रडताना पाहिलं नव्हतं. रडता रडता तिने लेकीला ते सांगितलं जे फक्त मला आणि नवऱ्याला माहीत होतं. तापातल्या दिवसाचं, पंधरा मिनिटांचं, आणि 'नाही'चं. "म्हणून मी तिला परत कधी नाही म्हटलं नाही," ती म्हणाली.

छोटीने दप्तर खाली ठेवलं. "आई, ते ताईने नव्हतंच मागितलं. ती झोपली होती. माझा वेळ संपला म्हणून मी तिच्या पानावर खेळत होते. बटण मी दाबलं होतं."

तिचा आवाज अगदी सरळ होता. पापणी हलली नाही. मी माणसांचे चेहरे बऱ्यापैकी वाचते, असं मला वाटतं. पण त्या घटकेला ती खरं बोलते आहे की आईला मोकळं करते आहे, ते मला समजलं नाही. आठ वर्षांच्या मुलीने तसं केलंही असेल. आणि आईला बरं वाटावं म्हणून चार वर्षं उभ्या गाडीचं इंजिन चालू ठेवणारी मुलगी हेही सहज म्हणू शकेल.

शिट्टीबाईने तिच्याकडे खूप वेळ पाहिलं. काही विचारलं नाही. तिला जवळ ओढलं आणि म्हणाली, "तू आता बारा वर्षांची आहेस."

"हो. जूनमध्ये झाले."

तिथेच बसल्या बसल्या छोटीचं पान नव्याने झालं. वेळ दीड तास, खेळ बारा वर्षांपर्यंतचे. सशाच्या जागी तिने कसलासा पक्षी घेतला. कोल्ह्याचं पान शिट्टीबाईने तेव्हा हातात घेतलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी कामावर जायच्या आधी, दारात उभी राहूनच, तिने दुसरं, मोकळं करायचं बटण दाबलं. मी माझ्या दारातून पाहत होते. तिने मोबाइल पर्समध्ये टाकला, पर्सची चेन लावली, आणि जिना उतरून गेली.

भिंतीतून आता दुपारी कधी पक्ष्यांचा आवाज येतो, कधी कसलं तरी बांधकाम चालल्याचा. सव्वाचारला मी अजून कान देते. तलावावर तीही देत असणार. मला तिने सांगितलेलं नाही, पण त्या वेळेला ती मोबाइल उलटा ठेवते, असं तिच्या सोबतिणीने सांगितलं.

गेल्या शुक्रवारी छोटीने स्वतःच्या नावाने अर्धा तास मागितला आणि आईने नाही म्हटलं. संध्याकाळी भिंतीपलीकडे अशी जुंपली की मी भाजीत दोनदा मीठ घातलं. "सगळ्यांच्या आया देतात." "मग जा सगळ्यांच्या घरी." "तू कधीच माझं ऐकत नाहीस." दार धाडकन आपटलं. चार वर्षांत त्या घरातून आलेला हा पहिला जिवंत आवाज.

थोड्या वेळाने शिट्टीबाई जिन्यात आली. मी कचऱ्याची पिशवी ठेवत होते. चेहरा लाल, केस विस्कटलेले, आणि डोळ्यांत काहीतरी हसऱ्यासारखं.

"ऐकलंस ना?"

"सगळ्या इमारतीने ऐकलं."

ती कठड्याला टेकली. मग आवाज खाली आणून म्हणाली, "त्या दिवशी ती म्हणाली ना, बटण मी दाबलं होतं. खरं असेल का गं ते?"

"विचार की तिला."

"आधी विचारलं असतं तर चाललं असतं," शिट्टीबाई म्हणाली. "तेव्हा ती मला हवं तेच बोलायची. आता विचारलं तर ती खरं सांगेल."